बसलेला आवाज

सेमीफायनलच्या सकाळीच कोच भोईटेबाईंचा आवाज पार बसला. एरवी खो-खोच्या मैदानाकडेला उभ्या राहून त्या पोरींना श्वासही विचारून घ्यायला लावत. "खो दे! वळ! खांबाकडे पळ!" आज मात्र त्या गळ्याभोवती मफलर गुंडाळून मुकाट बसल्या.

पहिला डाव पोरींनी बाईंकडे बघण्यातच घालवला. मग कधी अवाक्षर न काढणारी प्रणोती कडाडली, "तिकडं काय बघताय? माझ्याकडं बघा!" आणि हातचा गेलेला सामना पोरींनी खेचून आणला. बाईंना हसू फुटलं, पण आत कुठंतरी टोचलंही.

दुसऱ्या दिवशी फायनलला निघताना प्रणोतीनं ज्येष्ठमधाचा काढा पुढं केला. "बाई, घसा सुटला का?"

पहाटे अंघोळीच्या वेळी बाईंनी "खो!" ओरडून पाहिलं होतं; आवाज खणखणीत होता. त्यांनी मफलर आणखी आवळला आणि नकारार्थी मान हलवली.