दुसऱ्यांचे कोट

"कॉफी पिऊन जा, तौनो, पण कॅमेरा गाडीतच राहू दे," घरधनीण म्हणाली. "आणि आमच्या ह्यांच्या कोटाकडे बघू नकोस."

त्या दिवशी नकार देणारं हे पाचवं घर. सहाव्या घराने गाडी बघूनच कुत्रा सोडला, आणि खोटं सांगत नाही, तो कुत्राही तौनोच्या जवळ यायला तयार नव्हता.

तौनो हेईस्कानेन माहितीपट लिहायचा आणि त्यांत कामही करायचा. रानात लाकडातून डांबर गाळणारा शेवटचा माणूस, नदीतून ओंडके सोडणारा शेवटचा गडी, अशी माणसं शोधायची, त्यांना बोलतं करायचं, मग त्यांचाच कोट अंगात घालून त्यांचं तरुणपण कॅमेऱ्यापुढे करून दाखवायचं, ही त्याची रीत. एका म्हाताऱ्या गवळणीसाठी तर त्याने मिशी उतरवली होती. असे नऊ माहितीपट झाले. नऊही जणं वर्ष फिरायच्या आत गेली. कुहमोच्या रानात घरोघरी एकच बोलणं: तौनोने कोट घातला की मालकाला तो पुन्हा लागत नाही.

हेलसिंकीत माहितीपटांना पैसे देणाऱ्यांनी त्याला बजावलं होतं, या उन्हाळ्यात काही करून आणलं नाहीस तर पुन्हा दारात येऊ नकोस. छप्पन्न वर्षांचा माणूस. दुसरं काही येत नव्हतं. सरोवराच्या काठी गाडी थांबवून तो तासभर पाण्याकडे बघत बसला, आणि ते बघणं काही चांगलं नव्हतं.

उरली एकटी इम्पी मावशी. एक्याण्णव वर्षांची, मयतापुढे रडगाणी गाणारी शेवटची बाई. त्या नऊही जणांवर तीच रडली होती, म्हणून तिच्या उंबऱ्याशी जायचं तौनोला आजवर धाडस झालं नव्हतं.

दार उघडंच होतं. तो आल्याची खबर सकाळीच पोचली असावी, कारण सौना, म्हणजे वाफेची न्हाणी, तापवून म्हातारी न्हाली होती. वेणी ओली, अंगात काळा झगा. जमीन घासून पांढरी केलेली. मांजर कुठे विचारलं तर म्हणाली, शेजारी देऊन टाकलं. कॅमेऱ्यासाठी एवढी तयारी पाहून तौनोला भरून आलं. मनात जुळवून आणलेलं सगळं बोलणं तो विसरला.

"मावशी, एक दिवस द्या," तो म्हणाला. "एकच. नाहीतर मी संपलो."

म्हातारीने आपली शाल काढून त्याच्या खांद्यावर घातली, आणि नीट बसली का ते मागून-पुढून पाहिलं.

"सगळ्यांकडे जाऊन आलास, मला मात्र ताटकळत ठेवलंस," ती म्हणाली. "मी यंदा बटाटेसुद्धा लावले नाहीत."