हसण्यासारखं पुस्तक

प्रभाकरराव गुरुजींचा घसा सकाळपासून बसला होता. म्हणून त्यांनी पुस्तक प्रेमदासच्या हातात दिलं.

"आज तू वाच," ते घोगऱ्या आवाजात म्हणाले. "पण रंगवून वाचजो. असं विनोदी पुस्तक आपल्या वाचनालयात आजवर आलं नाई. मी सगळ्याइले सांगून ठेवलं आहे."

वाचनालयाच्या ओसरीत दर रविवारी दिवस कलताना वाचन होई. वर्ध्याहून मागवलेलं हे पुस्तक गुरुजींनी आधी स्वतः घरी नेऊन वाचलं होतं आणि मग भेटेल त्याला सांगितलं होतं, की हसायची हौस असेल तर हा रविवार चुकवू नका. ओसरी भरली होती. समोर लोडाला टेकून अध्यक्ष पुंडलिकराव बसले होते. त्यांचा कापसाचा व्यापार होता. पुस्तकं देण्याघेण्याच्या कामावर प्रेमदासला त्यांनीच ठेवलं होतं. कायम मात्र अजून केलं नव्हतं.

ओसरीच्या कडेला खांबाशी प्रेमदासचा बाप नत्थू बसला होता. लेक चारचौघांत वाचणार हे दुपारी कळलं, तेव्हा तो धुतलेलं धोतर नेसून आला होता.

प्रेमदास वाचू लागला. आवाज खणखणीत होता. दुसऱ्याच पानावर धोंड्या आला. धोंड्या म्हणजे त्या गोष्टीतला येसकर, साहेबाच्या घोड्यापुढं पळणारा आणि सांजच्याला घरोघर भाकर मागणारा. पळता पळता तो शेणाच्या खड्ड्यात पडला आणि पडल्या पडल्याच त्यानं साहेबाला जोहार घातला. ओसरी हसली. गुरुजी तर मांडीवर थापा मारू लागले.

नत्थूनं उभी हयात हेच काम केलं होतं. गेल्या दसऱ्याला बापलेक नागपूरला जाऊन बौद्ध धम्माची दीक्षा घेऊन आले, तेव्हापासून त्यानं ते सोडलं होतं.

प्रेमदास वाचत राहिला. पाटलीणबाईनं शिवायला नको म्हणून भाकर वरूनच टाकली. ती धोंड्याच्या पदरात न पडता चिखलात पडली. धोंड्यानं ती उचलली, चाटून पाहिली आणि म्हणाला, "माय, आज भाकरीसंगं कालवणबी भेटलं!"

माणसं खदखदून हसली. त्या गलक्यात प्रेमदासला एक हसणं वेगळं ऐकू आलं. नत्थू हसत होता. हे हसणं प्रेमदासला लहानपणापासून ठाऊक होतं. मोठ्या वाड्यांच्या अंगणात उभं राहिलं, की बापाच्या तोंडून ते आपोआप निघे.

"अरे, हा तं आपला नत्थूच आहे!" हिरालाल किराणेवाला ओरडला. "काऊन गा नत्थू, असंच कराचा ना तू?"

सगळ्यांनी वळून पाहिलं. नत्थूनं हसत हसतच हात जोडले.

प्रेमदास थांबला. पुस्तक मिटून खाली ठेवावं आणि बापाला हाताला धरून घरी न्यावं, असं त्याला वाटलं. पण तो उठला नाही.

"थांबला काऊन?" पुंडलिकराव म्हणाले. "वाच ना पुढं."

प्रेमदासनं एक पान मागं उलटलं आणि तो पुन्हा वाचू लागला. घोड्यापासून. खड्ड्यापासून. या वेळी आवाज रंगवलेला नव्हता. आपल्याच घरी घडलेली गोष्ट सांगावी तसा तो सावकाश वाचत होता.

"हे झालं ना वाचून!" गुरुजी कुजबुजले.

प्रेमदासनं ऐकलं नाही. साहेबाचा घोडा पुढं निघून गेला, धोंड्या शेणातून उठला. मागून कोणीतरी फिसकन हसलं आणि लगेच गप्प झालं. पाटलीणबाई दारात आली. तिनं भाकर वरून टाकली. भाकर चिखलात पडली. धोंड्यानं ती उचलली. इथं प्रेमदासनं मान वर केली आणि पुढचं वाक्य पुस्तकात न पाहता म्हटलं.

"माय, आज भाकरीसंगं कालवणबी भेटलं."

कोणी हसलं नाही. हिरालाल धोतराचा सोगा नीट करू लागला. नत्थूचे जोडलेले हात सुटले होते. तो लेकाकडं एकटक पाहत होता.

"तसं नाई रे," गुरुजी कळवळून म्हणाले. "तू मजाच घालवून राह्यला सगळी. हसवून वाचाचं असते हे."

"जसं लिवलं हाय तसंच वाचलं, गुरुजी. एक अक्षर बदललं नाई."

गुरुजींनी पुंडलिकरावांकडं पाहिलं. हिरालालनंही पाहिलं. आता हा पोरगा कामावरून जातो, हे ओसरीतल्या प्रत्येकाला कळत होतं. प्रेमदासलाही कळत होतं. त्यानं पुस्तक मिटलं आणि दोन्ही हातांनी घट्ट धरून ठेवलं.

पुंडलिकराव लोडावरून पुढं सरकले.

"जाऊ दे ते," ते म्हणाले. "दुसरं हसण्यासारखं पुस्तक आहे का कपाटात?"

"आहेत ना," प्रेमदास म्हणाला. "कोनावर हसाचं ते सांगा. काढून देतो."

पुंडलिकरावांची नजर ओसरीतल्या माणसांवरून सावकाश फिरू लागली. ती ज्याच्यावर थांबे, तो मान खाली घाली.