रानकॉफीचा काढा

जगात रानकॉफीचं एकच झाड उरलं होतं, आमच्या रॉड्रिग्स बेटावर. त्याभोवती तीन कुंपणं होती आणि किल्ल्या वनखात्याच्या राखणदाराच्या, अनातोलच्या कमरेला. त्या पानांच्या काढ्यानं कसलाही ताप उतरतो, असं बेटावर सगळेच मानत.

अनातोलची आई तापानं फणफणली, तेव्हा तिनंही तोच काढा मागितला. "आईपेक्षा झाड मोठं का रे?"

त्यानं परसातल्या पेरूची पानं उकळून तिला पाजली. ताप उतरला. शनिवारच्या बाजारात लिंबाचं लोणचं विकताना आईनं गावभर केलं, "लेकानं माझ्यासाठी त्या झाडाची पानं खुडली."

वनखात्याचे साहेब घरी आले. "खरं का हे?"

आई शेजारीच उभी होती, कौतुकानं त्याच्याकडे बघत. मरणाच्या दारातल्या आईला आपण पेरूवर भागवलं, हे तिच्यादेखत कसं सांगायचं?

"होय साहेब."

साहेबांनी किल्ल्या काढून घेतल्या आणि त्याच्या मावसभावाला, गास्तोंला दिल्या.

संध्याकाळी गास्तों दारात आला. "दादा, पोरगी तापलीय माझी. मावशीला किती पानं दिली होतीस?"

अनातोल तोंड उघडणार, तोच आतून आई म्हणाली, "ओंजळभर तरी घे बाबा. कमी घेऊन नाही चालायचं."