नवसाचा पाळणा

आमच्या सिनेमात जुन्या काळातलं गाव होतं आणि मूल व्हावं म्हणून देवळात नवसाचे पाळणे बांधणाऱ्या बायका होत्या. शूटिंग अक्कलकोटजवळच्या एका खेड्यात होतं. देऊळ थर्माकोलचं. छोटे लाकडी पाळणे मीच नवी पेठेतून आणलेले. रडायला गावातल्या बायका घेतल्या होत्या.

"कट" झालं, तरी त्यांतली शांतम्मा रडतच राहिली.

"लग्नाला वीस वर्सं झाली, तरी तिला मूल न्हाय की, ताई," शेजारची बाई हळूच म्हणाली. "खऱ्या देवळात आता तिला पाळणा बांधू देत न्हाईत. अपशकुनी म्हनत्यात."

संध्याकाळी सामान आवरताना मी एकेक पाळणा सोडत होते. सगळे काडेपेटीसारखे हलके. शांतम्मानं बांधलेला तेवढा जड लागला. आत वाकून पाहिलं, तर रिकामा.

मागं शांतम्मा उभी होती. दिवसभर रडलेला तिचा चेहरा आता हसत होता.

"हळू काढा, ताई," ती कुजबुजली. "आत्ताच निजलंय."

तेवढ्यात टेम्पोवाल्यानं हॉर्न वाजवला, आणि माझ्या हातातला पाळणा दचकला.