घराची किंमत, मालकासह

भिंतीवरून आजीचा फोटो उतरवताना क्लिओफसचा हात अडखळला.

"काढा हो," अर्नेस्टीन म्हणाली. "आजीनंसुद्धा हेच केलं असतं."

आजी, चर्चच्या कॅलेंडरवरचा काळा येशू, लेकीचा पदवीचा फोटो, सगळं गाडीच्या डिकीत गेलं. त्यांच्या जागी डगची गोरी मंडळी टांगली. कुणी मासा धरून हसतंय, कुणी बर्फावर घसरतंय. डग हा क्लिओफसबरोबर शाळेत शिकवणारा मास्तर. आज दुपारपुरता घरमालक.

मागच्या वेळी बँकेच्या मूल्यमापकाला क्लिओफसनं स्वतः दार उघडलं होतं. कोट-टाय घालून, दर वाक्याला "सर" लावून. शेजारच्या गोऱ्याच्या अगदी तशाच घरापेक्षा किंमत कितीतरी कमी आली. तेवढ्या किमतीच्या तारणावर लेकीच्या मेडिकलच्या फीपुरतं कर्ज मिळेना. म्हणून आज मूल्यमापक नवा आणि मालकही.

"मी काय काय बोलू?" डगनं विचारलं.

"तू नुसता गोरा राहा. बाकीचं आपोआप होतं," क्लिओफस म्हणाला.

नवरा-बायको समोरच्या घरात खिडकीशी बसली. एक गोरा तरुण मोजपट्टी घेऊन आला. डगनं त्याला हसत आत घेतलं. सगळं झकास चाललं होतं.

तेवढ्यात क्लिओफसला आपल्या फाटकासमोरची जुनाट गाडी दिसली. आत हुडी घातलेला एक काळा माणूस फोनवर फोटो बघत उकडलेल्या शेंगा खात होता. टरफलं रस्त्यावर. गाणी अख्ख्या गल्लीला ऐकू जातील अशी.

"हा मेला बुडवणार आपल्याला!" टाय सावरत क्लिओफस धावला.

"भाऊ, गाडी पुढं घे."

"का? रस्ता तुझ्या बापाचा?"

"घर माझं आहे! आत किंमत ठरतेय. आपल्यातलं कुणी दारात दिसलं की आकडा घसरतो. निदान नीट बस तरी! तुमच्यासारख्यांमुळेच आमच्यासारख्यांना..."

माणसानं गाणं बंद केलं. "घर तुमचं? मग आतला तो गोरा?"

"मित्र आहे. दाखवायला."

"हं. मोजपट्टीवालाही दाखवायलाच. मी दारात उभा राहिलो की घरमालकांचे चेहरे पडतात, म्हणून त्याला पाठवतो. मूल्यमापक मी."

क्लिओफसनं वाकून फोनकडे पाहिलं; त्यावर त्याच्याच घरातले फोटो येत होते.

"किंमत चांगली लावत होतो, दादा," तो माणूस हळूच म्हणाला. "पण मालक आपल्यातला निघाला. आता बँक म्हणणार, काळ्यानं काळ्याला झुकतं माप दिलं. खाली आणावी लागेल."