तळमजल्याचा हक्क

“समोरचीनंही अर्ज टाकलाय,” जिना झाडणारी बाई कुजबुजली, तशी इस्त्रीवाली पायरीवरच थांबली.

कमी भाड्याच्या त्या सरकारी इमारतीत लिफ्ट वर्षभर बंद होती आणि तळमजल्यावरचं एक घर नुकतंच रिकामं झालं होतं. नियम सरळ होता. जिना न झेपणारं म्हातारं माणूस ज्या घरात, त्याला तळमजला आधी. इस्त्रीवाली दिवसभर लाँड्रीत; चौथ्या मजल्यावर सासूबाई एकट्या. गुडघे धरलेले, तोंड मिटलेलं.

“तिच्याकडे कुठून आलं म्हातारं माणूस?”

“आहे की! दुपारी खिदळत असते म्हातारी. दाराबाहेरून ऐकलंय मी.”

इमारतीत सगळेच कुठून कुठून आलेले. नऊ भाषा चालत, आणि ही बया नऊही भाषांत हसे. तिच्या दाराशी कायम चपलांचा ढीग. गॅलरी हिरवीगार, मुलं गुटगुटीत, नवरा वेळेवर घरी. इस्त्रीवालीला आठ वर्षांत जिन्यात थांबवून ‘बरी आहेस ना?’ असंही कुणी विचारलं नव्हतं. आता तळमजलाही तिच्याच घशात?

संध्याकाळी तिने सासूबाईंना विचारलं, “समोर कुणी म्हातारी आणून ठेवलीय म्हणे. दिसली का?”

“मला काय दिसणार? मी आपली भिंतीकडे तोंड करून पडलेली.”

“जरा दार उघडून बघितलं असतं तर झिजला असता का हात?”

सासूबाईंनी कूस बदलली.

त्याच रात्री तिने कार्यालयाला निनावी चिठ्ठी लिहिली. ‘समोरच्या घरात कागदावर नसलेली म्हातारी लपवली आहे. गुरुवारी दुपारी तीनला या, हमखास सापडेल.’

गुरुवारी तिने अर्धी सुटी टाकली. कार्यालयाचा तपासनीस जिना चढला, तशी तीही भाजीची पिशवी घेऊन मागोमाग निघाली, सहज घरी परतल्यासारखी.

त्याने दार वाजवलं. समोरचीने ओल्या हातांनीच उघडलं. आत, दाराकडे पाठ करून, एक म्हातारी कोमट पाण्यात पाय सोडून बसली होती. हसून हसून तिचे खांदे हलत होते.

इस्त्रीवालीच्या काळजात थंडावा पसरला. सापडली!

“आजी,” तपासनिसाने फॉर्म उघडला, “खरं सांगायचं. कोणत्या घरात राहता तुम्ही?”

म्हातारीने मान वळवली. दारातल्या इस्त्रीवालीकडे सावकाश, नीट पाहिलं.

“याच,” सासूबाई म्हणाल्या.