डावीकडून तिसरा

"दुर्गाबाई, परत हेच?" संध्यानं शिक्का हातात घेऊन विचारलं.

पुस्तकाच्या मागच्या चिठ्ठीवर नऊ तारखा होत्या. नऊच्या नऊ दुर्गाबाईंच्याच.

"हेच द्या, मॅडम. पंधरा दिवसांनी आणून देते की बरोबर."

पुस्तक जाडजूड, इंग्रजी. पैसे घेऊन परक्या देशांत लढणाऱ्या भाडोत्री सैनिकांचा इतिहास. ऐरोलीच्या एका गृहस्थांनी नावडे कॉलनीच्या वाचनालयाला खोकंभर पुस्तकं दिली, त्यातलं हे एक. दुर्गाबाई मराठी वाचायच्या तेही अडखळत. इंग्रजीचा तर गंधही नव्हता.

"मावशी, लढाईला निघालात काय?" कपाटापाशी उभ्या असलेल्या कुंदननं विचारलं. त्याला युद्धाच्या पुस्तकांचं वेड. चार महिने तो या पुस्तकावर डोळा ठेवून होता.

"निघाले की. तू बी चल संगं, भाकऱ्या थापाया."

कुंदन हसला, पण वहीत आपलं नाव लिहूनच गेला. "मॅडम, नेक्स्ट नंबर माझा हां. या वेळी नक्की."

दुर्गाबाईंचं हसू तिथंच मावळलं. पुस्तक टेबलावर तसंच ठेवून त्या नवऱ्याला डबा द्यायला बाहेर गेल्या.

त्यांचा नवरा, भगवान, वाचनालयाचा वॉचमन. साठीला टेकलेला, अबोल माणूस. काठीवर भार टाकून, एक पाऊल दुसऱ्या गुडघ्याला टेकवून तो तासन्तास फाटकाशी उभा राही. कॉलनीतली मुलं त्याला बगळेकाका म्हणत आणि त्याची नक्कल करताना धपाधप पडत. इथं एखादं पुस्तक हरवलं, पान फाटलं, की पहिली चौकशी वॉचमनची व्हायची. आधीच्याची नोकरी त्यातच गेली होती. भगवानच्या वेळी मात्र एक पानही इकडचं तिकडं झालं नव्हतं.

बाईंचं या पुस्तकात एवढं काय अडकलंय? संध्यानं ते उघडलं. मधली दोन पानं एकमेकांना चिकटली होती. कडेला भाताचं वाळकं शीत दिसत होतं.

घाई करणं तिच्या स्वभावात नव्हतं. पट्टी घालून तिनं पानं हलक्या हातानं सोडवली.

आत फोटो होता. पंधरा वर्षांपूर्वीचं कुठलंसं युद्ध, एक जीप आणि सहा बंदूकधारी. डावीकडून तिसरा एका पायावर उभा होता, बंदुकीवर रेललेला. दाट दाढी, भुवयांपर्यंत ओढलेली टोपी. खाली लिहिलं होतं: 'तिसरा, टोपणनाव हिंदी. छावणीवर हल्ला झाला, त्याच्या आदल्या संध्याकाळी नाहीसा. अद्याप शोध नाही.'

संध्यानं खिडकीतून फाटकाकडं पाहिलं. मग फोटोकडं. तेच नाक, तीच उभं राहायची ढब. लेकरं बापाकडून काय काय उचलतात!

एवढी वर्षं नवरा-बायको घरचं काहीच का बोलत नाहीत, ते तिला आता उमगलं. मुलाचा चेहरा बघवत नाही म्हणून पानं चिकटवलेली. सोडवत नाही म्हणून पुस्तक घरात.

दुर्गाबाई परत आल्या तेव्हा पुस्तक मिटलेलं होतं. संध्यानं काही न विचारता दहावा शिक्का मारला. त्याच संध्याकाळी तिनं पुस्तकाच्या लेखकाला ईमेल लिहिला. एका आईला तिचा मुलगा परत मिळणार असेल, तर एवढं तरी करायलाच हवं.

पंधराव्या दिवशी दुर्गाबाई कापडी पिशवीत पुस्तक घेऊन आल्या. संध्यानं त्यांना खुर्चीवर बसवलं, पाणी दिलं.

"दुर्गाबाई, ते चिकटवलेलं पान मी बघितलंय."

दुर्गाबाईंच्या हातातला पेला थांबला. "कुणाला बोललाव?"

"घाबरू नका. ज्यांनी पुस्तक लिहिलं, फक्त त्यांना कळवलं. अहो, तो जिवंत असणार! त्याच्या तुकडीतले तिघं वाचले होते, ते इतकी वर्षं त्यालाच शोधतायत. लेखकानं माझं पत्र त्यांना पाठवलं, ते वाचून किती आनंद झाला त्यांना! लगेच पत्ता विचारला."

"तुमी दिलाव?"

"इथलाच दिला, वाचनालयाचा. त्यांतले दोघं मुंबईत आलेत. आज चारला येतायत, खास तुम्हाला भेटायला." संध्यानं त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. "मुलाचा काहीतरी ठावठिकाणा लागेलच बघा."

दुर्गाबाईंनी भिंतीवरच्या घड्याळाकडं पाहिलं. चारला दोन मिनिटं कमी होती.

"आमाला मूलबाळ न्हाई, मॅडम."

बाहेर गाडीचा हॉर्न वाजला. भगवाननं गुडघ्याचं पाऊल खाली सोडलं, काठी भिंतीला टेकवून ठेवली आणि तो फाटक उघडायला गेला.